टेकडीवर पाढे नकोत

परवा वेताळ टेकडीवर माझ्या पुढे एक बाबा आणि त्यांचा सात-आठ वर्षांचा मुलगा चालले होते. ‘सतरा सक?’ बाबांनी विचारलं. मुलगा उकिडवा बसून मुंगळ्याकडे बघत होता. मुंगळा कुणाचा तरी वाळका पंख ओढत होता. दगड आडवा आला की मागे सरायचा, वळसा घालायचा, पुन्हा ओढायचा. ‘अरे, लक्ष कुठंय तुझं? सतरा सक!’

मला हसू आलं, आणि लगेच ओशाळले. लेक लहान असताना मीही हेच केलंय. पाढ्यांऐवजी स्पेलिंग, एवढाच फरक.

पालकहो, त्या मुलाचं लक्ष होतं की! मिशिगन विद्यापीठातले रेचल आणि स्टीफन कॅप्लन हे मानसशास्त्रज्ञ दांपत्य म्हणायचं, लक्ष दोन तऱ्हेचं असतं. एक आपण मुद्दाम लावतो, बाकी सगळं मागे रेटून. गणितात ते लागतं, आणि हॉर्न, खड्डे, सिग्नल सांभाळत रस्ता ओलांडतानाही. ते थकतं. दुसरं आपोआप लागतं: पानांच्या सळसळीत, ढगांत, मुंगळ्यात. ते लागलेलं असताना पहिल्याला विसावा मिळतो.

2008 साली मार्क बर्मन आणि सहकाऱ्यांनी हे तपासून पाहिलं. ऐकलेले आकडे उलट्या क्रमाने म्हणायचे, अशी परीक्षा. झाडीतून पाऊण-एक तास चालून आलेल्यांना ती आधीपेक्षा बरी जमली. गजबजलेल्या रस्त्यावरून तेवढंच चालून आलेल्यांना तसा फायदा झाला नाही. ते विद्यार्थी कॉलेजचे होते, आणि संख्याही फार नव्हती. पण 2009 मध्ये एकाग्रतेची अडचण असलेल्या सात ते बारा वर्षांच्या 17 मुलांवर असाच प्रयोग झाला. बागेतल्या वीस मिनिटांच्या फेरीनंतर त्यांचं लक्ष जास्त चांगलं लागलं. वीसच मिनिटं! एवढ्या वेळात आपण क्लासबाहेर गाडी लावायला जागा शोधतो.

म्हणून ‘नेचर कॅम्प’ची फी भरण्याआधी सोसायटीमागचं मोकळं मैदान बघा. फोन खिशातच राहू द्या, तुमचासुद्धा. आणि तिथे मुलाला काहीही विचारू नका. तोच विचारेल, मुंगळा पंख कुठे नेतोय म्हणून. ‘मलाही माहीत नाही, बघूया,’ म्हणा आणि त्याच्या शेजारी उकिडवे बसा.