मौनाची कोठडी आणि होरेबची गुहा

शास्त्रभाग : १ राजे १९:१-१८, मत्तय ६:६

हैदराबादहून नागार्जुनसागरकडे जाणाऱ्या रस्त्यावर 'धम्मखेत्त' नावाचे विपश्यना केंद्र आहे. सत्यनारायण गोयंका १९६९ साली ब्रह्मदेशातून भारतात आले व ही साधना शिकवू लागले. १९७६ साली हे केंद्र सुरू झाले. महाराष्ट्रातील वाचकांना इगतपुरीचे धम्मगिरी अधिक परिचयाचे असेल. दोन्हीकडची रीत एकच. दहा दिवसांचे शिबिर, पहाटे ४ ला घंटा, आणि दहाव्या दिवसाच्या सकाळपर्यंत 'आर्य मौन'. शेजाऱ्याशी बोलायचे नाही, खूण करायची नाही, चिठ्ठी द्यायची नाही, नजरेनेही काही सांगायचे नाही. एकेकट्याने बसण्यासाठी पॅगोड्यात लहान कोठड्या असतात. त्यांना 'शून्यागार' म्हणतात.

मंडळीतील कोणी तेथे जाण्याची गोष्ट काढली की आपल्यात दोन तट पडतात. एक म्हणतो, "त्यात काय वाईट? गप्पच तर बसायचे!" दुसरा एकदम बाप्तिस्म्यावर येतो. दोघांनीही शिबिराची नियमावली वाचलेली नसते. तीत स्पष्ट लिहिले आहे की त्या दिवसांत कोणत्याही धर्माची प्रार्थना, उपासना वा विधी साधकाने बंद ठेवावा. हे ते कोणापासून लपवून ठेवत नाहीत, हे त्यांच्या प्रामाणिकपणाचे लक्षण आहे. तेव्हा जाणाऱ्या ख्रिस्ती मनुष्यापुढे खरा प्रश्न गप्प बसण्याचा नसून दहा दिवस प्रार्थनेवाचून राहण्याचा आहे. तो त्याने आधी सोडवावा. आणि बाकीच्यांनी न पाहिलेल्या गोष्टीची निंदा करू नये.

परंतु एवढ्यावर विषय संपत नाही. आपली उपासना पाहा. गीत, प्रार्थना, वाचन, संदेश, जाहिराती, पुन्हा गीत. आणि आता तर ध्वनिक्षेपक. पाळकसाहेबांनी "क्षणभर शांत राहू या" म्हटले की तिसऱ्या सेकंदाला कोणीतरी खाकरते. असे असता शास्त्र मौनाविषयी काय सांगते, हे पाहणे बरे.

एलीया ईजबेलीच्या भयाने पळाला. रतामाच्या झुडपाखाली त्याने मरण मागितले, मग चाळीस दिवस चालून होरेबच्या गुहेत शिरला. वारा, भूमिकंप, अग्नी ही सारी येऊन गेली. त्यानंतर जे आले त्यासाठी मूळ इब्री भाषेतील शब्द चमत्कारिक आहेत : बारीक, पातळ अशा निःशब्दतेचा ध्वनी. त्यातलाच 'दमामा' हा शब्द स्तोत्र १०७:२९ मध्ये वादळ शमल्यावरच्या निवांतपणासाठी आला आहे. एलीयाने ते ऐकताच झग्याने तोंड झाकून घेतले.

येथपर्यंतची गोष्ट आपण नेहमी सांगतो आणि येथेच थांबतो. शिक्षकांनी पुढे वाचावे. नवव्या वचनात देवाने विचारलेला प्रश्न तेराव्यात पुन्हा आहे, आणि दहाव्यातले एलीयाचे उत्तर चौदाव्यात जसेच्या तसे आहे! मीच एकटा उरलो, हेच तो पुन्हा सांगतो. म्हणजे त्या गंभीर शांततेनेही त्याचा गैरसमज गेला नाही. तो दूर करण्यासाठी शब्द लागला : सात हजार उरले आहेत, हजाएल, येहू व अलीशा यांचा अभिषेक करायचा आहे, आल्या वाटेने परत जा. गुहा राहण्यासाठी नव्हती.

पूर्णपणे मौनात राहणे कोणालाच साधलेले नाही, हेही ध्यानात घ्यावे. १०८४ साली ब्रुनोने स्थापन केलेल्या कार्थूसी पंथाचे संन्यासी आपापल्या कोठडीत जवळजवळ मूकपणे आयुष्य काढतात; तेही आठवड्यातून एकदा एकत्र फिरायला जातात आणि मनसोक्त बोलतात. विपश्यनेच्या शिबिरातही साधनेची अडचण आचार्यांना आणि गैरसोय व्यवस्थापकांना सांगता येते. अमेरिकेत हार्वर्ड विद्यापीठात बाहेरचा आवाज येऊ न देणारी व आतला शोषून घेणारी एक खोली होती. संगीतकार जॉन केज १९५१ च्या सुमारास तीत जाऊन बसले, तर त्यांना दोन आवाज ऐकू आले. ते त्यांच्याच शरीराचे होते.

मग प्रभूने सांगितलेली खोली कोणती? मत्तय ६:६ मधील ग्रीक शब्द 'तामेइओन' म्हणजे साठवणीची खोली, आपल्या भाषेत कोठीघर. दाणे ठेवायची अंधारी आतली जागा. दोन खोल्यांत सात माणसे राहणाऱ्या आपल्या कुटुंबांना तेवढेही मिळत नाही हे आम्ही जाणतो. विशेषतः घरातील बाईला पहाटे चारला घंटेऐवजी पाण्याचा नळ उठवतो. तिच्या वाट्याला पंधरा मिनिटे बंद दाराची यावीत म्हणून मुलांना कोणी सांभाळायचे, हे घरातील पुरुषांनी ठरवावे. हा आध्यात्मिक विषय नाही असे कोणी समजू नये.

शब्बाथशाळेच्या शिक्षकांसाठी थोडे. 'हाताची घडी, तोंडावर बोट' ही आपल्याकडे शिक्षा आहे, त्यामुळे मुलांना शांतता म्हणजे रागावणे वाटते. या पाठाच्या दिवशी गोष्ट सांगण्यापूर्वी दोन मिनिटे सर्वांनी, शिक्षकांनीसुद्धा, डोळे मिटून बसावे. मग काय काय ऐकू आले ते विचारावे. रिक्षा, कावळा, पंखा, कोणाच्या पोटातली गुरगुर, सारे फळ्यावर लिहावे, हसू द्यावे. त्यानंतर १ राजे १९ उघडावे आणि एलीयाचे दोन्ही वेळचे उत्तर दोन मुलांकडून मोठ्याने वाचून घ्यावे. फरक काय, हे वर्गालाच शोधू द्यावे.