शहाळ्याचे पाणी आणि चिमूटभर मीठ

उन्हाळा लागला की वर्ध्याच्या रस्त्यांवर, विशेषतः बसस्थानकाच्या बाजूला आणि दवाखान्यांच्या फाटकांपुढे, हातगाड्यांवर शहाळी रचलेली दिसू लागतात. आजाऱ्याला भेटायला जाताना पूर्वी आपण मोसंबी नाहीतर बिस्किटांचा पुडा नेत असू. आता शहाळे नेतो. चांगलीच गोष्ट आहे. मात्र या पाण्याविषयी दोन समजुती आपल्याकडे घट्ट बसल्या आहेत. ऊन बाधले की शहाळे पाजले म्हणजे झाले, ही एक. आणि ते कोणालाही, कितीही चालते, ही दुसरी. या दोन्ही समजुती मला माझ्या दवाखान्यातच भेटल्या. म्हणून आधी त्यांच्याविषयी सांगते, घरी करायच्या पेयांकडे मग वळू.

मे महिन्यातली दुपार होती. देवळीकडचा एक तरुण शेतमजूर दोघांच्या खांद्यांवर हात टाकून आत आला. सकाळपासून शेतात शेणखत पसरायचे काम चालले होते. दोन्ही पोटऱ्यांना गोळे आले होते, पोटाचे स्नायूही आवळत होते. शुद्ध चांगली होती, ताप नव्हता. म्हणाला, "तीन नारय पेलो जी बाई, तरी गोये काई थांबत नाई." रस्त्यात गाडीवर थांबून त्याने तीन शहाळी प्यायली होती. आदल्या दिवसाची निम्मी मजुरी त्यात गेली असेल.

त्याला पंख्याखाली आडवे केले आणि जलसंजीवनीची पुडी लिटरभर पाण्यात कालवून घोट घोट प्यायला दिली. तासाभरात गोळे उतरले. शहाळ्याने जे झाले नाही ते या पुडीने कसे झाले?

घाम चाटून पाहिला तर खारट लागतो, हे लहान मुलालाही ठाऊक असते. लिटरभर घामाबरोबर साधारण एक ते चार ग्रॅम मीठ शरीराबाहेर जाते. भर उन्हात कष्टाचे काम करणाऱ्याला तासाला लिटरभर घाम सहज येतो. म्हणजे त्याचे खर्ची पडते ते पाणी आणि मीठ, शास्त्रीय भाषेत सोडियम. पोटॅशियम नावाचा दुसरा क्षार घामात अगदी थोडा असतो. शहाळ्याच्या पाण्यात याच्या नेमके उलट असते. त्यात पोटॅशियम भरपूर, मोठ्या केळ्यात असते त्याहूनही अधिक, आणि सोडियम मात्र बेताचे. गेले एक आणि भरले दुसरेच, असा हा प्रकार. त्या तरुणाच्या पोटात पाणी गेले होते, पण मिठाची उणीव तशीच राहिली होती.

याचा अर्थ शहाळे वाईट असा मुळीच नाही. पाणी त्यात आहेच. शिवाय एका शहाळ्यात दोन-तीन चमचे साखरेइतका नैसर्गिक गोडवा असतो. तो बाटलीतल्या रंगीत पेयांपेक्षा पुष्कळच कमी. चवीमुळे ते प्यायले जाते, हा तर मोठाच गुण. आजारपणात साधे पाणी नको म्हणणारी माणसे शहाळे आनंदाने पितात. आपण त्याला फक्त मिठाची जोड द्यायची.

म्हणून पहिली कृती तीच. एका शहाळ्याचे पाणी स्वच्छ पेल्यात काढा. साधारण पाव लिटर ते तीनशे मिलिलिटर निघते. त्यात अर्धे लिंबू पिळा आणि दोन बोटांच्या चिमटीत मावेल एवढे साधे मीठ घाला. आवडत असेल तर भाजलेल्या जिऱ्याची पूड टाका. साखर नको. पादेलोणाने चव खुलते हे खरे, पण ते वापरायचे तर साध्या मिठाच्या ऐवजी वापरावे. दोन्ही घालून खारट पाणी करू नये. शेतावरून किंवा बांधकामावरून आलेल्या माणसाने सावलीत बसून, घाम थोडा निवला की हे घोट घोट प्यावे. मात्र जो दिवसभर घरात पंख्याखाली बसून आहे, आणि त्यातून ज्याला रक्तदाबाचा विकार आहे, त्याला हे वरचे मीठ नको. घाम गाळणाऱ्याचे औषध बसून राहणाऱ्याला लागू पडत नाही.

दुसरी कृती सब्जाची. चहाचा एक चमचा सब्जा निवडून अर्धी वाटी पिण्याच्या पाण्यात पंधरा-वीस मिनिटे भिजवावा. फुगून त्याच्याभोवती पांढुरका गर धरला की तो शहाळ्याच्या पाण्यात मिसळावा. कोरडा सब्जा कधीही तोंडात टाकू नये. घशात फुगतो. लहान मुलांच्या आणि गिळायला त्रास होणाऱ्या वृद्धांच्या बाबतीत सब्जा टाळलेलाच बरा.

तिसरी आपल्या मातीची. कारंजा-आर्वीकडच्या मृगबहाराचा संत्रा फेब्रुवारीपासून मार्च-एप्रिलपर्यंत बाजारात असतो. दोन संत्र्यांचा रस आणि एका शहाळ्याचे पाणी एकत्र करून लगेच प्यावे. रस हाताने पिळावा, कारण मिक्सरमध्ये बिया भरडल्या की पेय कडू होते. ही चव पाहुण्यांना मी आग्रहाने देते. नारळ दक्षिणेचा, संत्रा आपला, आणि दोघांचे जमतेही छान.

मलईचे शहाळे मिळाले तर ती चमच्याने खरवडून त्याच पाण्यात मिक्सरमधून फिरवली की दाटसर पेय होते. वाढत्या वयाच्या मुलांना ते आवडते. उन्हातून आल्याबरोबर मात्र पातळ पाणीच बरे, दाट पेय जेवणाच्या जागी शोभते. गाडीवाल्याला "पाणीवाले द्या" की "मलईवाले द्या" हे आधीच सांगावे. तो हलवून, वजन पाहून बरोबर काढून देतो. त्याची ती पारख मला कधीच साधली नाही.

इथे पैशाचा विचार करायलाच हवा. नारळ हे आपल्या जिल्ह्याचे पीक नव्हे. कोणाच्या परसात एखादे झाड असते, तेवढेच. देशातला बहुतेक नारळ केरळ, कर्नाटक, तामिळनाडू आणि आंध्रात पिकतो. आपल्याकडचा माल दक्षिणेकडून ट्रकने येतो आणि वाहतुकीचा खर्च आपण देतो. रोज पाच माणसांच्या घरात पाच शहाळी आणणे किती जणांना परवडेल? आणि तशी गरजही नाही. मीठ-जिरे घातलेला पातळ मठ्ठा, कैरीचे पन्हे, ज्वारीची आंबील, लिंबाचे सरबत ही सगळी पेये उन्हात काम करणाऱ्यासाठी नुसत्या शहाळ्यापेक्षा सरस आहेत, कारण त्यांत मीठ असते. आपली आजी मठ्ठ्यात मीठ घालत असे ते केवळ चवीसाठी नव्हते.

देवापुढे फोडलेल्या नारळाचे पाणीही वाया घालवू नये. पिकल्या नारळात पाणी कमी निघते आणि गोडीही वेगळी असते, पण फोडताना ते स्वच्छ भांड्यात धरले, लिंबू आणि चिमूटभर मीठ घातले, तर दोन लहान मुलांची तहान भागते. आंबूस किंवा साबणासारखा वास आला तर तो नारळ सरळ टाकून द्यावा, पाणी चाखूनही पाहू नये. डेन्मार्कमध्ये २०२१ साली एका वृद्ध गृहस्थांनी महिनाभर घरात उघड्यावर राहिलेल्या नारळाचे पाणी चाखले. चव वाईट लागली म्हणून थोडेसेच प्यायले, आणि तरी ते दगावले. नारळ आत बुरशीने बिघडला होता आणि त्या बुरशीचे विष मेंदूवर गेले. असे प्रसंग फार विरळ. त्यातला नारळ सोलून, भोक पाडण्याची खूण करून विकायला ठेवलेला होता, म्हणून त्याला थंड जागेची गरज होती. सोललेला नारळ आपणही फ्रिजमध्ये ठेवावा आणि लवकर संपवावा.

अखंड शहाळ्यातले पाणी जंतूंपासून सुरक्षित असते. कोयता लागला की ती सुरक्षा संपते. कोयता कोणत्या फडक्याला पुसला, नळी कुठल्या डब्यातून काढली, तिथून पुढचे सगळे आपल्या डोळ्यांदेखत घडते, म्हणून डोळे उघडे ठेवावेत. गाडीवरचा बर्फ तर टाळावाच, तो पिण्याच्या पाण्याचा असेलच असे नाही. गार हवे असेल तर अखंड शहाळे घरी माठाशेजारी ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवावे, छान गार होते. फोडल्यावर मात्र लगेच प्यावे. उरलेच तर झाकणाच्या काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात फ्रिजमध्ये ठेवून त्याच दिवशी संपवावे. लिंबू घातलेले पेय कल्हई नसलेल्या पितळी किंवा तांब्याच्या भांड्यात ठेवू नये.

जुन्या लोकांना इथे नीरा आठवेल. वर्ध्याच्या मगनवाडीत १९३४ साली अखिल भारतीय ग्रामोद्योग संघ सुरू झाला. जे. सी. कुमारप्पांच्या देखरेखीखाली चाललेल्या त्या कामात ताडगूळ आणि नीरेलाही स्थान होते. शिंदीची झाडे आपल्या भागात होती, नारळी नव्हत्या. पण नीरा सूर्य वर आला की आंबू लागते. शहाळे बंद असेपर्यंत टिकते. गाडीवाल्यांचा धंदा त्यामुळेच चालतो.

आता दुसरी समजूत. ती सांगताना मला माझीच चूक सांगावी लागेल. मूत्रपिंडाचा जुना विकार असलेले एक आजोबा माझ्याकडे येत. पथ्याच्या कागदावर मी केळी, टोमॅटो, सुकामेवा कमी करा असे लिहिले होते. शहाळे लिहायचे राहिले. उन्हाळ्यात त्यांच्या सुनेने सासऱ्यांची काळजी म्हणून सकाळ-संध्याकाळ एकेक शहाळे द्यायला सुरुवात केली. दहा-बारा दिवसांनी आजोबांच्या पायांतली शक्ती गेल्यासारखी झाली, उठवेना. नाडी पाहिली तर फार मंद. रक्त तपासले, पोटॅशियम साडेसहाच्या वर. ते साधारण साडेतीन ते पाचच्या दरम्यान असावे लागते. एवढे वाढले की हृदयाचे ठोके केव्हाही थांबू शकतात. त्यांना तातडीने मोठ्या रुग्णालयात पाठवले आणि ते वाचले. सूनबाई रडत विचारत होत्या, "मॅडम, मी काय वाईट दिलं हो त्यांना?" त्यांनी काहीच वाईट दिले नव्हते. निरोगी मूत्रपिंड जास्तीचे पोटॅशियम लघवीवाटे टाकून देते, आजोबांचे टाकू शकत नव्हते. हे मी त्यांना आधी सांगायला हवे होते.

तेव्हापासून मी पथ्याच्या कागदावर शहाळे सर्वांत वर लिहिते. मूत्रपिंडाचा विकार असेल, डायलिसिस चालू असेल, तर डॉक्टरांना विचारल्याशिवाय शहाळे नको. रक्तदाबासाठी किंवा हृदयासाठी रॅमिप्रिल, एनॅलाप्रिल, लोसार्टन, टेल्मिसार्टन यांसारख्या गोळ्या किंवा स्पायरोनोलॅक्टोन चालू असेल त्यांनीही रोज शहाळे पिण्याआधी विचारून घ्यावे, कारण या गोळ्यांनी पोटॅशियम शरीरात साठते. मधुमेह्यांनी त्यातली साखर जेवणाच्या हिशेबात धरावी. रोज एकाहून अधिक नको, आणि त्यात गूळ-साखर तर नकोच.

सहा महिन्यांच्या आतल्या बाळाला वर्ध्याच्या उन्हाळ्यातही वरचे पाणी लागत नाही, शहाळ्याचेही नाही. आईचे दूध पुरते. बाळाला पाजणाऱ्या आईने मात्र भरपूर पाणी प्यावे, तिने शहाळे जरूर घ्यावे.

जुलाब-वांती झाल्यास भरवसा जलसंजीवनीवर ठेवावा. १९७१ साली बांगलादेशच्या निर्वासितांच्या छावणीत, बंगालमधील बनगाव येथे पटकीची साथ पसरली आणि शिरेतून द्यायचे सलाईन संपत आले. तेव्हा डॉ. दिलीप महालनोबिस यांनी मीठ-साखरेचे पाणी तोंडाने पाजून असंख्य जीव वाचवले. त्याच तत्त्वावरची पुडी आज सरकारी दवाखान्यात मिळते. पुडीवर जेवढे पाणी लिहिले असेल तेवढ्याच पाण्यात ती कालवावी, कमी नाही आणि जास्तही नाही. पुडी नसेल तर उकळून गार केलेल्या एक लिटर पाण्यात चहाचे सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ घालावे. शहाळे मध्ये-मध्ये चवीसाठी द्या, पण त्याच्या जागी नको.

आणि उष्माघात. अंग तापलेले, माणूस बरळतो आहे, झोकांड्या खातो आहे किंवा बेशुद्ध आहे, अशा वेळी तोंडात शहाळेच काय, पाण्याचा थेंबही ओतू नये. ते श्वासनळीत जाते. सावलीत न्यावे, कपडे सैल करून अंगावर पाणी मारावे, वारा घालावा, काखेत आणि मानेवर ओली थंड फडकी ठेवावीत आणि १०८ ला फोन करावा. गाडी येईपर्यंत पाणी मारणे थांबवू नये. नवतपाच्या दिवसांत दर वर्षी कोणीतरी पेला हातात धरून अशा माणसाचे तोंड उघडायचा प्रयत्न करताना दिसतो. तो पेला त्याच्या अंगावर ओता, असे मी सांगते.

शेवटी रिकाम्या शहाळ्यांविषयी. ती कंपाउंडच्या कोपऱ्यात टाकून देतात आणि मृगाचा पहिला पाऊस त्यांत साठतो. डेंग्यूच्या डासाला अंडी घालायला एवढे पाणी पुष्कळ होते. म्हणून शहाळे पिऊन झाले की कोयत्याने दोन तुकडे करावेत, उन्हात पालथे वाळवावेत आणि चुलीला लावावेत. चांगले जळतात.