हे दृश्य कोणत्या सालचे?



दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमात प्रदर्शित झाला. त्याची चार रिळे होती. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात त्यांतील पहिले व शेवटचे एवढेच आहे. काही अभ्यासकांच्या मते तीही १९१३ ची नव्हेत, फाळक्यांनी १९१७ साली पुन्हा काढलेल्या चित्रपटाची आहेत. म्हणून माहितीपटात हे दृश्य घेणाऱ्याने खाली '१९१३' लिहिण्यापूर्वी थांबले पाहिजे.

त्या काळची फिल्म नायट्रेटची, चटकन पेट घेणारी. १९६४ साली हे संग्रहालय स्थापन झाले, तोवर बहुतेक मूकपट नाहीसे झाले होते. पी. के. नायर यांनी उरलेसुरले शोधून गोळा केले.

आता आपल्या घरचे. दहावीची मुले शाळेवर लघुपट करीत आहेत. त्यासाठी आम्ही कार्यालयातील अलमारी उघडली, तर सात व्हिडिओ कॅसेट निघाल्या. दोहोंना बुरशी लागली आहे; त्या तशाच लावल्या तर बुरशी यंत्रात जाते आणि पुढची कॅसेटही बिघडते, म्हणून बाजूला ठेवल्या. बाकी पाचांवर सालच लिहिलेले नाही. (दोष आमचाच.) एकीत मुली लेझीम खेळत आहेत. मुलांना ते 'पहिले स्नेहसंमेलन' म्हणून दाखवायचे होते. आम्ही नको म्हटले.

पाचही कॅसेटींची प्रत संगणकावर उतरवली आहे. कापाकापी प्रतीवरच होईल, मूळ कॅसेट अलमारीत राहील. माजी विद्यार्थिनी व पालकांनी शनिवारी शाळा सुटल्यावर येऊन लेझीमच्या रांगेतील चेहरे ओळखावेत. नाव आणि साल लिहिण्यासाठी वही ठेवली आहे.