श्वासाची अक्षरे

इ. स. १८६४ च्या सुमाराची गोष्ट. स्कॉटलंडमधील एका सभागृहात जिज्ञासू मंडळी जमली होती. फळ्याजवळ अलेक्झांडर मेल्व्हिल बेल नावाचे उच्चारशास्त्राचे शिक्षक उभे होते. त्यांनी आपल्या मुलाला सभागृहाबाहेर पाठविले आणि श्रोत्यांना विनंती केली, की ज्याला जो ध्वनी काढावासा वाटेल, तो त्याने खुशाल काढावा. बेल प्रत्येक ध्वनी लक्षपूर्वक ऐकत आणि फळ्यावर काही विचित्र चिन्हे लिहीत. मग मुलाला आत बोलाविण्यात येई. तो चिन्हांकडे पाही, ओठ व जीभ जुळवी, श्वास सोडी. आणि काय आश्चर्य! त्याच्या मुखातून नेमका तोच ध्वनी उमटे.

एकदा मात्र त्याच्या तोंडून नुसताच खरखरीत आवाज निघाला. आपण काय वाचले, हे त्याचे त्यालाच उमगेना. परंतु सभागृहात टाळ्यांचा कडकडाट झाला. कारण एका श्रोत्याने करवतीने लाकूड कापल्याचा आवाज काढला होता! दुसऱ्या एका प्रसंगी संस्कृतातील मूर्धन्य ‘ट’ त्याच्यापुढे आला. इंग्रजी बोलणाऱ्यांच्या जिभेला हा वर्ण अपरिचित. तरीही चिन्हांच्या आज्ञेप्रमाणे जीभ वळवून त्याने तो उच्चारला.

हा मुलगा म्हणजेच पुढे दूरध्वनीचा जनक म्हणून प्रसिद्धीस आलेला अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल होय. त्याचा जन्म ३ मार्च १८४७ रोजी एडिंबरा येथे झाला.

पाहणाऱ्यांना हा प्रकार जादूचा वाटे. पण त्यात जादू मुळीच नव्हती. मेल्व्हिल बेल यांनी एक नवी लिपी निर्माण केली होती. तिचे नाव त्यांनी ‘दृश्य वाणी’ या अर्थाचे ठेवले आणि १८६७ साली तिच्यावरील ग्रंथ प्रसिद्ध केला. इतर लिप्यांतील अक्षराचा आकार आणि त्याचा उच्चार यांचा सहसा काही संबंध नसतो. ‘क’ हे अक्षर कितीही न्याहाळले, तरी ते कोठून उच्चारावे हे त्यावरून समजत नाही. बेल यांच्या लिपीत मात्र चिन्ह म्हणजे मुखाचे जणू लहानसे चित्रच असे. व्यंजनासाठी चंद्रकोरीसारखी एक वक्र रेषा असे. ती चार दिशांना वळविली, की जिभेचा मागचा भाग, मधला भाग, जिभेचे टोक आणि ओठ अशी चार स्थाने दर्शविली जात. कोरीचे तोंड रेषेने बंद केले, तर श्वास त्या ठिकाणी अडवावयाचा. आत एक आखूड रेघ दिली, तर कंठातून नाद काढावयाचा. श्वास नाकावाटे सोडावयाचा असल्यास त्याचीही वेगळी खूण होती.

आरशासमोर उभे राहून ‘प’, ‘ब’, ‘म’ हे वर्ण क्रमाने उच्चारावेत. तिन्ही वेळा ओठ सारखेच मिटलेले दिसतात. कंठावर बोट ठेवले, म्हणजे ‘ब’ म्हणताना तेथील कंप जाणवतो. आणि ‘म’ लांबविताना नाक चिमटीत धरले, तर आवाजच थांबतो. हा सूक्ष्म भेद मेल्व्हिल बेल यांनी रेषांत पकडला.

असा विचार भारतात फार प्राचीन काळीच झाला होता. येथील शिक्षाशास्त्रकारांनी कंठ, तालू, मूर्धा, दंत आणि ओष्ठ या स्थानांप्रमाणे वर्णांचे वर्ग पाडले. कठोर व मृदू, अल्पप्राण व महाप्राण असे भेदही त्यांनी जाणले. मराठी मुलांना पाठ असलेली ‘क’पासून ‘म’पर्यंतची वर्णमाला म्हणजे कंठापासून ओठांपर्यंत होणारा श्वासाचा प्रवासच आहे. फरक इतकाच, की आपल्या वर्णमालेत हे ज्ञान अक्षरांच्या क्रमात आहे, तर बेल यांच्या लिपीत ते आकारात होते.

ग्रॅहॅमची आई एलायझा हिला फार कमी ऐकू येई. इतर लोक तिच्या कानाला लावलेल्या नळीत मोठ्याने बोलत. ग्रॅहॅम मात्र तिच्या कपाळाजवळ तोंड नेऊन हळू, गंभीर स्वरात बोले, आणि ते तिला समजे. ज्यांना ऐकू येत नाही, त्यांच्यासाठी ही लिपी उपयोगी पडेल काय, हा प्रश्न त्याच्या मनात घर करून राहिला.

पुढे या कुटुंबावर मोठे दुःख कोसळले. ग्रॅहॅमचे दोन्ही भाऊ क्षयरोगाने मरण पावले आणि १८७० साली उरलेले कुटुंब कॅनडाला गेले. पुढच्याच वर्षी ग्रॅहॅम अमेरिकेतील बोस्टन येथे कर्णबधिर मुलांच्या शाळेत शिकवू लागला. तो फळ्यावर चेहऱ्याची बाजूची आकृती काढी. मग एकेक रेषा पुसून जीभ आणि ओठ यांच्याच खुणा मागे ठेवी. ज्यांनी शब्द कधी ऐकलाच नव्हता, ती मुले डोळ्यांनी पाहून उच्चार करू लागली. ध्वनीच्या याच अभ्यासातून त्याला वीजेच्या साहाय्याने वाणी दूर पाठविण्याची कल्पना सुचली आणि १८७६ साली दूरध्वनी जन्मास आला.

त्या लिपीचे पुढे काय झाले? ती शिकण्यास फार किचकट ठरली आणि काही वर्षांतच शाळांतून मागे पडली. शिवाय कर्णबधिरांनी मुखानेच बोलावे, असा ग्रॅहॅम बेलचा आग्रह होता. त्या काळी अशा मतामुळे अनेक शाळांतून हातांच्या खुणांची भाषा दूर सारली गेली आणि पुष्कळ मुलांची कुचंबणा झाली. सांकेतिक भाषा ही स्वतःचे व्याकरण असलेली परिपूर्ण भाषा आहे, हे आज सर्वमान्य झाले आहे. भारतातही तिच्या संशोधनासाठी आणि प्रशिक्षणासाठी २०१५ साली दिल्ली येथे राष्ट्रीय केंद्र स्थापन झाले.

पित्याने श्वासाला आकार दिला. पुत्राने त्याला तारेवरून धाडले. परंतु वाणी केवळ जिभेवरच वसते असे नाही. ती बोटांतूनही प्रकट होऊ शकते, हे ओळखण्यास जगाला आणखी बराच काळ लागला.

स्वाध्याय

१. ग्रॅहॅमने केलेल्या आवाजाचा अर्थ त्याला न कळताही श्रोत्यांनी टाळ्या का वाजविल्या?
२. बेल यांची लिपी आणि मराठी वर्णमाला यांतील साम्य व भेद सांगा.
३. कर्णबधिरांविषयीच्या ग्रॅहॅम बेलच्या कार्यातील चांगली बाजू कोणती व उणीव कोणती, ते आपल्या शब्दांत लिहा.
४. ‘त’, ‘द’ आणि ‘न’ यांचे उच्चार करून जीभ, कंठ व नाक यांत काय घडते, ते लिहा.