‘अमृतानुभवा’त विश्वाचे गुपित दडले आहे का?

प्रश्न : आमच्या वसाहतीत दरवर्षी हरिनाम सप्ताह होतो, ज्ञानेश्वरीचे पारायणही होते. यंदा मंडपात एकाने सांगितले की, ज्ञानेश्वरांचा खरा गूढ ग्रंथ ‘अमृतानुभव’. त्यात विश्वाच्या मुळाशी असलेली सूत्रे ओव्यांच्या आकड्यांत दडवली आहेत, आजचे अणुविज्ञानही तेच सांगते आणि अधिकार नसलेल्याने तो वाचू नये. यात खरे किती?
– एक वाचक, नेरूळ, नवी मुंबई

उत्तर : तुमच्या प्रश्नात चार शंका आहेत : ग्रंथ गूढ आहे का, आकड्यांत काही लपवले आहे का, विज्ञानाशी त्याचा संबंध काय आणि तो कोणी वाचावा. चारही विचारण्याजोग्या आहेत. आधी ग्रंथाची ओळख करून घेऊ, म्हणजे निम्मा गुंता तिथेच सुटेल.

ज्ञानेश्वरी शके १२१२ मध्ये, म्हणजे इसवी सन १२९० मध्ये, प्रवरेकाठी नेवाशाला पूर्ण झाली. परंपरा सांगते की, त्यानंतर निवृत्तिनाथ म्हणाले, ही झाली गीतेवरची टीका, आता स्वतःचे काही सांग. त्यातून ‘अमृतानुभव’ झाला. ज्ञानेश्वरीच्या ओव्या सुमारे नऊ हजार, याच्या जेमतेम आठशे आणि प्रकरणे दहा. ज्ञानेश्वरीत गीतेचा श्लोक पुढे चालतो आणि ओवी त्याच्या मागून जाते. इथे पुढे कोणीच नाही. आरंभीचे पाच संस्कृत श्लोक सोडले तर सगळा ग्रंथ मराठीत आहे आणि सगळा युक्तिवाद ज्ञानेश्वरांचा स्वतःचा.

आता आकड्यांचे. ओव्यांची संख्या सगळ्या पोथ्यांत आणि छापील आवृत्त्यांत सारखी नाही. कुठे आठशे, कुठे त्याहून चार-सहा जास्त. संख्याच मागेपुढे होते तिथे आकड्यांत संकेत लपवून तो सात शतके टिकणार कसा? शिवाय ज्याला लपवायचे असते तो लोकांच्या बोलीत आणि तोंडपाठ होईल अशा ओवीत लिहायला बसत नाही. ग्रंथ अवघड आहे हे कबूल. पण अवघड असणे वेगळे आणि गुप्त असणे वेगळे.

पण आकड्यांचा मुद्दा तसा बाजूचाच. तुमच्या वसाहतीतल्या त्या गृहस्थांचा मूळ समज असा की, दिसणारे जग हा पडदा आहे, खरे काय ते त्याच्या पाठीमागे आहे आणि ते सांगणारा हा ग्रंथ आहे. ‘अमृतानुभव’ सांगतो ते याच्या नेमके उलट. त्याचे म्हणणे असे की, पाठीमागे काही नाहीच. जे आहे ते समोर आहे आणि तेच पूर्ण आहे. हे ज्ञानेश्वर कसे पटवतात ते पायरीपायरीने पाहू.

पहिले प्रकरण शिव आणि शक्तीचे आहे. त्यात ते विश्वाचा संसार घरातल्या भाषेत मांडतात. घरात माणसे दोनच. धनी झोपला की मालकीण जागी राहते आणि दोघांचेही काम तीच पार पाडते. पुढे दाखल्यांची रांगच लागते : दोन दांड्या असल्या तरी नाद एक, दिवे दोन पण उजेड एक, ओठ दोन पण शब्द एक, डोळे दोन पण दृष्टी एक. म्हणजे जगात आपल्याला जे जे जोडीने दिसते, देव आणि जग, पाहणारा आणि पाहिले जाणारे, ते दोन वस्तूंचे मीलन नव्हे. एकच वस्तू दोनपणाने नांदते. विश्वाच्या घडणीचे काही ‘सूत्र’ या ग्रंथात शोधायचेच असेल तर ते हे आहे, आणि ते पहिल्याच प्रकरणात उघडपणे सांगून टाकले आहे.

यावर नेहमीची शंका येते : मग आपल्याला दोन का दिसतात? प्रचलित उत्तर असे की, अज्ञानामुळे. अंधारात दोरीचा साप भासतो तसे जग भासते. ज्ञानेश्वर हे उत्तर मान्य करत नाहीत. सातवे प्रकरण, म्हणजे ग्रंथातले सर्वांत मोठे, त्यांनी या एकाच गोष्टीला दिले आहे. हे प्रकरण मला फार प्रिय आहे, म्हणून इथे थोडे रेंगाळतो.

ते विचारतात, हे अज्ञान राहते कुठे? आत्म्यात म्हणाल, तर आत्मा अज्ञानी झाला. मग ‘इथे अज्ञान आहे’ हे ओळखायला कोण उरले? अज्ञानाला स्वतःला काही कळत नाही, नाहीतर ते अज्ञान कसले! आणि ते ओळखणारा कोणी उरला असेल, तर जिथे ओळखणारा आहे तिथे अज्ञान नाही. आत्म्याबाहेर म्हणाल, तर आत्म्याबाहेर जागाच नाही. यासाठी त्यांनी मिठाच्या मासोळीचा दाखला दिला आहे. अशी मासोळी जिवंत आहे असे समजा. पाण्यात ती विरघळेल, पाण्याबाहेर मरेल. अज्ञानाची गत तीच.

इथे थांबले असते तरी पुष्कळ झाले असते. पण आठव्या प्रकरणात ते ज्ञानालाही निरोप देतात. ज्ञान म्हणजे अज्ञान घालवणारे. अज्ञान नव्हतेच, तर घालवायचे काय? या विचाराचा धागा तिसऱ्या प्रकरणातच आला आहे. तिथे ते शिवसूत्रांचा नावानिशी उल्लेख करून सांगतात की, ज्ञानसुद्धा बंधन होते. आणि लगेच पुढे म्हणतात की, शिवाने किंवा श्रीकृष्णाने सांगितले म्हणून आम्ही हे मानतो असे नाही. त्यांनी सांगितले नसते तरी ते तसेच राहिले असते. तेराव्या शतकात, विशीच्या आतबाहेरचा एक तरुण हे लिहितो! ज्याला गुप्त अधिकाराच्या जोरावर बोलायचे असते तो असे वाक्य लिहीत नाही.

अज्ञान गेले, ज्ञान गेले, मग उरले काय? हे जगच उरले, पण आता ते खोटे ठरत नाही. ज्ञानेश्वर त्याला चैतन्याचा विलास समजतात. आरशात तोंड पाहिले म्हणून तोंड तयार होत नाही आणि आरसा काढला म्हणून नाहीसे होत नाही. तसे आत्मवस्तू जग होऊन स्वतःलाच पाहते, त्यात तिचे वाढतही नाही आणि घटतही नाही. शांकर मायावादाहून ही भूमिका वेगळी आहे की त्याच्याच पोटातली, यावर अभ्यासकांचा वाद जुना आहे. भा. पं. बहिरट यांनी १९५६ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या इंग्रजी ग्रंथात ती वेगळी असल्याचे साधार मांडले. मला ते पटते, कारण सातव्या प्रकरणाचा जोर दुसऱ्या कोणत्याही वाचनात बसत नाही.

अणुविज्ञानाचे थोडक्यात. भौतिकशास्त्र मोजते, प्रयोग करते, चुकले तर सिद्धांत बदलते. ज्ञानेश्वर कणांविषयी बोलतच नाहीत. ‘मी जाणतो’ या अनुभवात जाणणारा आणि जाणलेले वेगळे काढता येतात का, एवढाच त्यांचा प्रश्न आहे. दोघांची कामे वेगळी आहेत आणि ‘अमृतानुभवा’ला प्रयोगशाळेच्या दाखल्याची गरज नाही.

तुम्ही सप्ताहात बसणारे, म्हणून एक शंका तुमच्या मनात येणारच : देव आणि भक्त दोन नाहीत, तर टाळ कशासाठी कुटायचे? नवव्या प्रकरणात याचे उत्तर आहे. एकच डोंगर कोरून देऊळ होते, देव होतो आणि भोवतीचा परिवारही होतो. मग भक्तीचा व्यवहार एकाच वस्तूत का होऊ नये? हे डोळ्यांनी पाहायचे तर तुम्हाला लांब जायला नको. उरणच्या मोरा बंदरातून घारापुरीला जा. तिथल्या मुख्य लेण्यात खांब, द्वारपाल आणि सदाशिवाची भव्य मूर्ती हे सगळे त्याच काळ्या कातळाचे आहे. कुठून देव सुरू झाला आणि कुठे भिंत संपली, याला सांधा सापडत नाही. सदाशिवाच्या शेजारीच अर्धनारीश्वर आहे. त्याच्यापुढे उभे राहून पहिले प्रकरण आठवून बघा. ज्ञानेश्वरांच्या कितीतरी आधी कोरलेले हे शिल्प त्या ओव्या समजायला फार मदत करते.

अधिकाराची शंका ग्रंथच फेडतो. दहाव्या प्रकरणात ते म्हणतात की, मुक्त, मुमुक्षू आणि बद्ध हा योग्यतेचा भेद या अमृताची चव घेईपर्यंतच असतो. आणि शेवटच्या ओवीत सगळ्या विश्वालाच या सणाचे आमंत्रण आहे. आमंत्रण विश्वाला असताना दारात अडवणारे आपण कोण?

वाचायला बसाल तेव्हा एकदम सातव्या प्रकरणात शिरू नका. आधी ज्ञानेश्वरांचीच चांगदेव पासष्टी वाचा. पासष्ट ओव्यांत हाच विचार आटोपशीर आला आहे. मग पहिले आणि नववे प्रकरण, त्यानंतर सातवे. आणि तेही एका बैठकीत दहा-बारा ओव्यांहून जास्त नको. अर्थ दिलेली आवृत्तीच घ्या, कारण तेव्हाचे कित्येक शब्द आज वापरात नाहीत. घरातली मुले इंग्रजीतून वाचणारी असतील तर दिलीप चित्रे यांचा अनुवाद साहित्य अकादमीने १९९६ मध्ये काढला आहे. दोन आवृत्त्या शेजारी ठेवून वाचताना ओवीचे क्रमांक जुळले नाहीत तर गोंधळू नका. प्रकरण पाहून आसपास शोधा, ओवी सापडते.