विस्मृत चित्रपट आणि समाजमाध्यमांचे दप्तर

गेल्या दिवाळीच्या सुटीत अकोल्याला आजीकडे गेलो असता तिला मोबाईलवर ‘देवकीनंदन गोपाला’ दाखविला. गाडगेबाबांच्या जीवनावरील हा चित्रपट १९७७ चा. बाबांची भूमिका डॉ. श्रीराम लागू यांची. आजीने तो तंबूतल्या टॉकीजमध्ये पाहिला होता. फेसबुकवरील एका गटात मिळालेली ही प्रत टीव्हीवरून उतरवलेली व तुटक होती. आजी म्हणाली, “काऊन रे, सुरुवातीची नावं कुठी गेली?” या प्रश्नातूनच प्रस्तुत लेख सुचला.

मी तो प्रश्न गटात विचारला. एकाने कळविले, दिग्दर्शक राजदत्त हे आपल्याच अमरावती जिल्ह्यातील धामणगावचे. दुसऱ्याने जुन्या जाहिरात-पत्रकाचे छायाचित्र टाकले. तिसऱ्याने सालाची चूक दुरुस्त केली. दोन दिवसांत लहानसे दप्तरच उभे राहिले!

अशा दप्तराची गरज काय? ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या चार रिळांच्या चित्रपटाची आज दोनच रिळे उरली आहेत. ‘आलम आरा’ची (१९३१) एकही प्रत उपलब्ध नाही. त्या काळची नायट्रेट फिल्म चटकन पेट घेई. शिवाय चांदी काढण्यासाठी जुन्या फिती विकल्या जात. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते १९६४ साली. तोवर बरेच नष्ट झाले होते. आणि संग्रहालयाने फीत जपली, तरी गावोगावच्या प्रेक्षकांच्या आठवणी तिथे कशा पोचणार? त्या अशा गटांतच सापडतात.

परंतु या दप्तराला कुलूप नाही, तसा रखवालदारही नाही. एका सभासदाने खाते बंद केले की प्रत जाते, तिच्याखालची चर्चाही जाते. शिवाय कायद्याने चित्रपटाचे हक्क प्रदर्शनानंतर ६० वर्षे राहतात. या चित्रपटाचे २०३७ अखेरपर्यंत. म्हणजे हक्कदाराने प्रत काढावयास लावली तर तक्रार करता येणार नाही. गट म्हणजे संग्रहालय नव्हे. तो संग्रहालयाला वाट दाखवू शकतो, इतकेच.

म्हणून मित्रहो, एक सुचवावेसे वाटते. जुना चित्रपट आढळला की नाव, साल, लांबी, प्रत कुठून आली आणि माहिती कोणी दिली, हे टिपून ठेवावे. घरातील वडीलधाऱ्यांना त्यांनी तो कोठे पाहिला ते विचारावे. ही टिपणे महाविद्यालयाच्या ग्रंथालयात ठेवता येतील.

उन्हाळ्यात अमरावतीहून तो गट पुन्हा उघडला, तेव्हा चित्रपट नव्हता, पत्रकही नव्हते. सुदैवाने पत्रकावरील नावे मी वहीत उतरवून घेतली होती. ती आजीला वाचून दाखविली.