एकाच एक्स्टेन्शनच्या पोटात तीन-तीन लायब्ररी कशाला?

प्रश्न : ऑफिसमधला २०१२ च्या सुमाराचा कॉम्प्युटर भंगारात काढायचा आहे. त्याआधी हार्ड डिस्क चाळताना फायरफॉक्सच्या प्रोफाइलमध्ये ‘एक्स्टेन्शन्स’ नावाचा फोल्डर सापडला. काही एक्स्टेन्शन्स म्हणजे एकच बंद फाइल, तर काहींचे उघडे फोल्डर. अशा एका फोल्डरात जवळपास एकाच नावाच्या तीन फायली आहेत : एक डीएलएल, एक एसओ आणि एक डायलिब. हा व्हायरस तर नाही? आणि हल्लीच्या एक्स्टेन्शनमध्ये असं काही का दिसत नाही?
– एक वाचक, मिरज

उत्तर : व्हायरस नसावा. तीन फायली तीन ऑपरेटिंग सिस्टिम्ससाठी आहेत : डीएलएल विंडोजची, एसओ लिनक्सची, डायलिब मॅकची. लिनक्स आणि मॅकवाल्यांचीही एवढी काळजी घेणारा माणूस बहुधा सरळमार्गी प्रोग्रॅमर असतो.

तिन्हींना ‘शेअर्ड लायब्ररी’ म्हणतात. म्हणजे स्वतंत्रपणे न चालणारा, पण चालू असलेल्या प्रोग्रॅमने हवा तेव्हा आपल्यात ओढून घ्यायचा तयार कोड. विंडोजमधल्या काही डीएलएल तर एकाच वेळी बरेच प्रोग्रॅम वापरत असतात. तुमच्या फोल्डरातली लायब्ररी मात्र ‘शेअर्ड’ असून वापरणारा एकटा फायरफॉक्स.

आता बंद फाइल आणि उघडा फोल्डर यांचं कोडं. फायरफॉक्सचं एक्स्टेन्शन ‘एक्सपीआय’ फाइलमधून येतं आणि ती मुळात साधी झिप फाइल असते. (नाव बदलून झिप केलं, तर तुम्हालाही उघडता येईल.) मार्च २०११ मध्ये फायरफॉक्स ४ आला तेव्हापासून ब्राउझर ही फाइल उघडून न ठेवताच वापरू लागला, कारण जावास्क्रिप्ट झिपमधून थेट वाचता येते. लायब्ररीचं तसं नाही. ती ऑपरेटिंग सिस्टिम उचलते आणि तिला डिस्कवर खरीखुरी फाइल लागते. म्हणून लायब्ररी असलेल्या एक्स्टेन्शनला ‘मला उघडून ठेवा’ अशी सूचना सोबत द्यावी लागे. स्पेलिंग तपासणाऱ्या शब्दकोशांनाही तेच करावं लागे, त्यामुळे प्रत्येक उघड्या फोल्डरात लायब्ररी सापडेलच असं नाही.

त्याच फोल्डरात मॅनिफेस्ट नावाची मजकुराची फाइल असेल. ती नोटपॅडमध्ये उघडा. प्रत्येक लायब्ररीपुढे ती कोणासाठी आहे ते लिहिलेलं दिसेल : आधी ऑपरेटिंग सिस्टिम, मग चिप आणि शेवटी चक्क कंपायलरचं, म्हणजे कोड मशीनच्या भाषेत उतरवणाऱ्या प्रोग्रॅमचं, नाव. फायरफॉक्स ४ च्या आधी हीच माहिती फोल्डरच्या नावात असे. सिस्टिम आणि चिप समजू शकतो, पण कंपायलरशी ब्राउझरचं काय देणंघेणं? जुन्या एक्स्टेन्शन्सचं सगळं दुखणं इथेच आहे, म्हणून थोडं थांबून सांगतो.

फायरफॉक्स मुख्यतः सी प्लस प्लसमध्ये लिहिलेला. त्याचे अंतर्गत भाग एकमेकांशी एक्सपीकॉम नावाच्या यंत्रणेतून बोलत आणि एक्स्टेन्शनमधली लायब्ररी थेट त्याच बोलण्यात भाग घेई. ही हाक नावाने मारली जात नाही, क्रमांकाने मारली जाते : अमुक तक्त्यातलं सातवं फंक्शन चालव. चाळीत पाटी न वाचता खोली मोजून टपाल टाकण्याचा हा प्रकार. मध्ये एक खोली वाढली की पुढची सगळी पत्रं शेजाऱ्याकडे जातात. तक्ता मेमरीत कसा मांडायचा, हे प्रत्येक कंपायलर आपल्या पद्धतीने ठरवतो. मायक्रोसॉफ्टच्या कंपायलरची मांडणी आणि जीसीसी या दुसऱ्या कंपायलरची मांडणी जुळत नाही, म्हणून कंपायलरचं नाव नोंदवायचं.

कंपायलर जुळला तरी फायरफॉक्सच्या नव्या आवृत्तीत तो बनवणाऱ्या मोझिलाने तक्त्यात एक फंक्शन घुसवलं, तर जुनी लायब्ररी भलतंच काही चालवून बसे. ती ब्राउझरच्याच प्रोसेसमध्ये राहत असल्याने पडताना एकटी पडत नसे, सगळे टॅब घेऊन जाई. सुरुवातीच्या काळात मोझिलाने काही तक्ते ‘गोठवले’ होते, म्हणजे ते बदलणार नाहीत अशी हमी दिली होती. फायरफॉक्स ४ ला ही हमी काढून घेतली. वर लायब्ररी कोणत्या आवृत्तीसाठी बांधली आहे, याची तपासणी सुरू झाली. न जुळणारी लायब्ररी दारातच नाकारली जाई. मग जून २०११ मध्ये पाचवी आवृत्ती आली आणि तिथून दर सहा आठवड्यांनी नवी आवृत्ती येऊ लागली. फावल्या वेळात एक्स्टेन्शन लिहिणाऱ्याने दर सहा आठवड्यांनी तीन सिस्टिम्ससाठी, ३२ आणि ६४ बिटसाठी वेगवेगळं, सगळं पुन्हा बांधायचं! कितीतरी जणांनी हात टेकले ते इथे. मोझिलाने हमी काढली, हे माझ्या मते चूक नव्हतं. गोठवलेल्या तक्त्यांखाली नवा ब्राउझर बांधता येत नाही. पण त्याची किंमत बाहेरच्या लोकांनी मोजली.

मधली एक वाट होती, जेएस-सीटाइप्स. जावास्क्रिप्टमधून साध्या सी भाषेतल्या लायब्ररीला थेट हाक मारायची, एक्सपीकॉमला मध्ये घ्यायचंच नाही. सीचे संकेत स्थिर असल्याने लायब्ररी आवृत्तीमागून आवृत्ती टिके. तरीही ब्राउझरच्या प्रोसेसमध्ये परका कोड, ही मूळ अडचण राहिलीच. फायरफॉक्स ४० ने, २०१५ मध्ये, एक्स्टेन्शन्सच्या एक्सपीकॉम लायब्ररी बंद केल्या आणि १४ नोव्हेंबर २०१७ रोजी आलेल्या ५७ व्या आवृत्तीने जुनी एक्स्टेन्शन्सच बंद केली.

आजच्या एक्स्टेन्शनमध्ये जावास्क्रिप्ट, एचटीएमएल, फार तर वेबअसेंब्ली. कॉम्प्युटरवरच्या प्रोग्रॅमशी बोलायचंच असेल, तर तो प्रोग्रॅम वेगळा बसवावा लागतो आणि दोघांत फक्त मजकुराचे निरोप जातात. प्रोग्रॅम कोसळला तरी ब्राउझर उभा राहतो. यात काही गोष्टी कायमच्या गेल्या. आयई टॅब हे एक्स्टेन्शन आठवत असेल : फायरफॉक्सच्या टॅबमध्ये इंटरनेट एक्सप्लोररचं इंजिन चालवायचं आणि तेही डीएलएलच्या जोरावर. ‘फक्त एक्सप्लोररमध्ये उघडा’ म्हणणाऱ्या सरकारी साइट्सपायी आपल्याकडे त्याची फार सोय होती.

तेव्हा तो फोल्डर खुशाल पुसा. एक सावधगिरी मात्र घ्या. ऑफिसात ई-निविदांसाठी डिजिटल सहीचं यूएसबी टोकन वापरत असाल, तर त्याचीही लायब्ररी असते आणि ती आजचा फायरफॉक्सही ‘सिक्युरिटी डिव्हायसेस’मधून उचलतो. ती एक्स्टेन्शन नाही. चालू मशीनवर डीएलएल दिसली म्हणून तिला हात लावू नका.

आणि डिस्क भंगारवाल्याला देण्याआधी पूर्ण पुसून घ्या. ब्राउझरने लक्षात ठेवलेले पासवर्ड त्याच प्रोफाइल फोल्डरमध्ये असतात आणि मास्टर पासवर्ड लावला नसेल, तर ते कोणालाही वाचता येतात.